पडद्याची दोरी

घर सजविणें हा विषय गंभीर विचाराला योग्य नाहीं, अशी आपल्या सुशिक्षित वर्गांत एक समजूत आहे. खिडकीला कोणत्या रंगाचा पडदा लावावा, भिंतीवर काय टांगावें, सतरंजी घालावी कीं गालिचा, हे प्रश्न घरांतील बायकांनीं किंवा हल्लीं ज्यांचा तोच धंदा झाला आहे अशा तज्ज्ञांनीं सोडवावेत. पुरुषानें पैसे मोजावेत आणि मुकाट्यानें बसावें, अशी एकंदर वहिवाट दिसते. आम्ही देखील पुष्कळ वर्षें याच वहिवाटीनें वागत आलों. परंतु गेल्या दिवाळीच्या सुमारास आमच्याच घरांत एका पडद्यावरून असा प्रसंग घडला कीं, कापड, दांडी आणि कड्या यांच्या हिशेबांत नीतीचा एक बराच मोठा प्रश्न दडलेला आहे हें आम्हांस कळून चुकलें. तो प्रश्न असा: आपण घरांत जें झांकतों तें कोणासाठीं झांकतों, आणि जें शोभिवंत करतों तें कोणाच्या डोळ्यांसाठीं करतों?

आमच्या लहानपणीं मध्यम स्थितीच्या घरांत पडदा क्वचितच दिसे. पुण्यांतल्या जुन्या वाड्यांत रस्त्यावरून आलेला मनुष्य एकदम घरांत शिरत नसे. दिंडी दरवाजा, चौक, ओसरी, सोपा, मग माजघर आणि शेवटीं स्वयंपाकघर व देवघर, असे एकामागून एक टप्पे असत. आणि कोणी कोणत्या उंबरठ्यापर्यंत यावें हें न बोलतां ठरलेलें असे. दूधवाला चौकांत थांबे, कामासाठीं आलेला ओसरीवर बसे, सोयरा सोप्यावर टेके, आणि माजघरांत घरचेंच माणूस जाई. या व्यवस्थेंत अन्यायही पुष्कळ होता. कित्येकांना तर चौकांतही पाऊल टाकूं देत नसत, हें विसरून तिचें कौतुक करणें बरें नव्हे. आम्हांस सांगावयाचें तें इतकेंच कीं, पडद्याचें काम तेथें उंबरठे करीत. वाडा पडला, त्या जागीं चार मजली इमारत उभी राहिली, आणि आमच्या वांट्यास तीन खोल्या आल्या. आतां मुख्य दार उघडलें कीं पाहुण्याची दृष्टि बैठकीच्या खोलीवरून सरळ मधल्या खोलींतल्या खाटेवर जाऊन पडते. तीन उंबरठ्यांचें काम आतां दोन वार कापडाला करावें लागतें.

हें काम सोपें आहे असें ज्यांस वाटतें त्यांनीं एकदां पडदा स्वतः शिवून पाहावा. आमच्या सौभाग्यवतींच्या हाताखालीं आम्हीं तो शिवला आणि बरेंच शिकलों. सुती कापड आधीं भिजवून, वाळवून, मग बेतावें लागतें. नाहींतर पहिल्याच धुण्यांत तें आटतें आणि पडदा जमिनीपासून वीतभर वर लोंबकळूं लागतो. चुण्या नीट पडावयास दांडीच्या लांबीच्या दीडपट ते दुप्पट पन्हा घ्यावा लागतो. कापड धाग्याला धरूनच कापावें लागतें. तिरकें कापल्यास पडदा जन्मभर एका अंगाला ओढल्यासारखा दिसतो. खालची दुमड रुंद ठेवावी, म्हणजे वजनानें पडदा सरळ पडतो आणि पुढें गरज पडल्यास उसवून लांबही करतां येतो. उन्हाच्या बाजूस अस्तर लावावें, कारण ऊन आधीं रंग खातें आणि मग धागा खातें. विकत घेणारास पडद्याची एकच बाजू ठाऊक असते. शिवणारास दोन्ही बाजू ठाऊक असतात. हें शेवटचें वाक्य आम्हीं तेव्हां सहज उच्चारलें होतें. त्याचा अर्थ पुढें कळला.

आतां या सर्वच खटाटोपावर एक जुना आणि सन्मान्य आक्षेप आहे. अमेरिकेंतील हेन्री डेव्हिड थोरो हा १८४५ पासून १८४७ पर्यंत वॉल्डन नांवाच्या तळ्याकांठीं स्वतः बांधलेल्या झोंपडींत राहिला. त्या वास्तव्यावर लिहिलेल्या व १८५४ सालीं प्रसिद्ध झालेल्या पुस्तकांत तो सांगतो कीं, पडद्यांसाठीं आपणांस कांहींच खर्च पडला नाहीं. कारण सूर्य आणि चंद्र यांच्याखेरीज आंत डोकावणारें तेथें कोणी नव्हतें, आणि त्या दोघांविषयीं आपली तक्रार नव्हती. टेबलावर ठेवलेल्या तीन दगडांवरची धूळ रोज झाडावी लागते असें पाहून त्यानें ते दगडही खिडकीबाहेर फेकून दिले. पुढें १८९९ सालीं त्याच देशांतील थॉर्स्टाइन व्हेब्लेन यानें ‘द थिअरी ऑफ द लेझर क्लास’ या ग्रंथांत, माणसाचा पुष्कळसा खर्च गरजेसाठीं नसून आपली ऐपत इतरांस दिसावी यासाठीं असतो, हें मोठ्या मार्मिकपणें दाखविलें. या दोघांचें म्हणणें एकत्र केलें तर निघणारा निर्णय उघड आहे: पडदा अनावश्यक, आणि शोभेचा पडदा तर निव्वळ मिरवणूक.

थोरोविषयीं आम्हांस आदर आहे. परंतु त्याच्या झोंपडींत तो एकटाच राहत होता, ही गोष्ट आपण सोयीनें विसरतों. जेथें दुसरें माणूस नाहीं तेथें पडदाही नको आणि नीतीचा प्रश्नही फारसा नको. मुंबईंतल्या वरळी, नायगांव, डिलाईल रोड येथील बी. डी. डी. चाळी १९२० नंतरच्या दशकांत उभ्या राहिल्या. त्यांतील एका खोलीचें क्षेत्रफळ सुमारें १६० चौरस फूट. असल्या खोलींत आईबाप, भावंडें, गांवाकडून नोकरीसाठीं आलेला चुलतभाऊ आणि नवें लग्न झालेलें जोडपें अशीं माणसें वर्षानुवर्षें राहिलीं. दोन खिळ्यांना दोरी बांधून तिच्यावर जुनें लुगडें टाकलें कीं त्या खोलीच्या दोन खोल्या होत. त्या लुगड्याला चैन म्हणण्याचें धाडस आम्हांस होत नाहीं. दिवसभर दार उघडें आणि दाराला अर्धा पडदा, ही चाळींतली रीत तर शिष्टाचाराचा एक नमुनाच होय. लावलेलें दार ‘येऊं नका’ म्हणतें, सताड उघडें दार कांहींच म्हणत नाहीं, परंतु पडदा म्हणतो, ‘आम्ही आहों, या, मात्र हांक मारून या.’ इतकें बारीक बोलणें दुसऱ्या कोणत्या वस्तूला साधेल?

पण म्हणून सगळेच पडदे निर्दोष ठरत नाहींत. आपल्या भाषेनेंच याविषयीं एक इशारा देऊन ठेविला आहे. पडद्याला संस्कृतांत ‘तिरस्करिणी’ असा शब्द आहे. दृष्टीआड करणारी ती तिरस्करिणी. आणि ज्या शब्दांपासून ती निघाली त्यांपासूनच ‘तिरस्कार’ हा शब्दही निघाला. एखाद्या वस्तूला दृष्टीआड करणें आणि तिला तुच्छ लेखणें यांत अंतर किती थोडें आहे, हें या दोन सख्ख्या बहिणींकडे पाहिल्यावर ध्यानांत येतें. पालखीला किंवा गाडीला पडदे सोडून आंत बसलेल्या स्त्रीला आपल्याकडे गोषांतली म्हणत. सामान्य मराठी घरांतून ही चाल नव्हती. परंतु सरदार घराण्यांत ती प्रतिष्ठेचें लक्षण समजली जाई. तो पडदा भरजरी असे, मोलाचा असे, आणि स्त्रीच्या मानासाठीं आहे असें सर्वजण सांगत. मात्र तो सरकविण्याचा अधिकार तिला नसे.

याच्या उलट दुसरा एक पडदा आपल्या प्रत्येकाच्या ओळखीचा आहे, तो म्हणजे अंतरपाट. मराठी संसाराचा आरंभच पडद्यानें होतो, ही गोष्ट आम्हांस मोठी अर्थपूर्ण वाटते. कुंकवाचें स्वस्तिक काढलेलें साधें पांढरें कापड. त्याच्या एका बाजूस वधू, दुसऱ्या बाजूस वर. मंगलाष्टकें संपतात आणि तो दूर होतो. त्या कापडाला शोभेची बाजू आणि शिवणीची बाजू असा भेद नसतो. दोघांनाही तें सारखेंच दिसतें, आणि दोघांच्याही दृष्टीसमोरून तें एकाच क्षणीं जातें. पडदा समतेचा असूं शकतो, याचें याहून चांगलें उदाहरण आम्हांस सुचत नाहीं.

आतां आमच्या घरांतल्या पडद्याची हकीकत सांगतों. आमची आत्या आमच्याकडे तीस वर्षें आहे. वय सत्त्याऐंशी, दोन वर्षांपासून तिचें चालणें जवळजवळ थांबलें आहे. मधल्या खोलींत दाराच्या समोर तिची खाट. तेथून तिला बैठकीची खोली आणि मुख्य दार दोन्ही दिसत. कोण आलें, कोण गेलें, वर्तमानपत्र आलें कीं नाहीं, नातवंडांपैकीं कोणाचें डोकें भिजलें आहे, हें सर्व तिला ठाऊक असे, आणि त्याविषयीं ती बोलतही असे. गेल्या दिवाळींत आमच्या चिरंजीवाच्या सोयरिकीचें बोलणें करावयास मंडळी यावयाची होती. घराला रंग दिला, खिडक्यांना नवे पडदे शिवले. आणि त्याच ओघांत मधल्या दारालाही एक पडदा शिवला. गर्द निळें जाड कापड, त्यावर पांढऱ्या कोयऱ्या. ‘आत्यांना विश्रांति मिळेल’, असें सौभाग्यवती म्हणाल्या. ‘हो, तिला दगदग नको’, असें आम्ही म्हणालों. दोघेही खरें बोलत नव्हतों, आणि दोघांनाही तें ठाऊक होतें. आम्हांला औषधांच्या बाटल्या, खाटेखालचें भांडें आणि तो खोकला पाहुण्यांच्या दृष्टीआड करावयाचा होता. तिच्या विश्रांतीसाठींच पडदा असता तर रंग तरी तिला विचारला असता.

मंडळी आली, चहाफराळ झाला, पडद्याची वाखाणणीही झाली. ती गेल्यावर आम्ही मधल्या खोलींत गेलों. आत्या जागीच होती.

“चार माणसें होतीं ना रे?” तिनें विचारलें. “आवाज चारच मोजले मी.”

“पांच होतीं, आत्या. मुलगी फारशी बोलली नाहीं.”

“असें का,” ती म्हणाली, आणि थोड्या वेळानें पडद्याकडे बोट दाखवून म्हणाली, “छान झाला म्हणत होते सगळे. मला आपली इकडून शिवणच दिसते. टीप दोन ठिकाणीं वांकडी गेली आहे बघ.”

तिच्या आवाजांत राग नव्हता. असता तर आम्हांला उत्तर देतां आलें असतें. आम्हीं मागें वळून पाहिलें. तिच्या बाजूस कोयऱ्या नव्हत्या. विटकट निळें पाठचें कापड, लोंबणारे दोऱ्याचे शेंडे आणि वांकड्या गेलेल्या त्या दोन टिपा होत्या. जिनें आयुष्यभर गोधड्या शिवल्या, आणि गोधडीची खालची बाजूही वरच्या बाजूइतकीच नेटकी असावी म्हणून आमच्या सौभाग्यवतींचे टांके कितीदां उसवले, तिच्या डोळ्यांसमोर आम्हीं चोवीस तासांसाठीं आमची उलटी बाजू टांगून ठेविली होती. तिरस्करिणी हा शब्द आम्हांस त्या रात्रीं आठवला.

पडदा काढून टाकावा असें आमच्या मनांत आलें. आश्चर्य असें कीं, आत्यानें तें मानलें नाहीं. “राहूं दे,” ती म्हणाली, “अंग पुसतांना दार लावलें कीं मला कोंडल्यासारखें होतें, आणि उघडें ठेवलें तर लाज वाटते. पडदा बरा. पण तो मला हलवतां आला पाहिजे.” दोन वर्षें ती हें सोसत होती आणि आम्हांपैकीं कोणालाही तें सुचलें नव्हतें. मग तिच्या ट्रंकेंतून एक विरलेलें इरकली लुगडें निघालें. त्याचा शाबूत भाग बेतून सौभाग्यवतींनीं तिच्या बाजूस अस्तर लावलें. लुगड्याचा कांठ कडेनें आला. खालची दुमड मात्र आत्यानें यंत्रावर घालूं दिली नाहीं. सुई ओंवून हातीं दिल्यावर दोन दुपारीं बसून तिनेंच ती धांवदोऱ्यानें घातली. आम्हीं दांडीच्या टोकाला एक लहान कप्पी बसविली आणि दोरीचें टोक तिच्या उशाशीं आणून सोडलें.

या अनुभवावरून आम्ही एक कसोटी काढली आहे, ती वाचकांच्या विचारासाठीं मांडतों. पडदा चांगला कीं वाईट हें त्याच्या कापडावरून, किंमतीवरून किंवा तो काय झांकतो यावरूनही ठरत नाहीं. दोरी कोणाच्या हातांत आहे यावरून ठरतें. ज्याला झांकलें त्याच्या हातांत दोरी असेल तर तो पडदा म्हणजे आडोसा. दुसऱ्याच्या हातांत असेल तर तो पडदा म्हणजे भिंत, मग त्यावर कितीही सुंदर कोयऱ्या असोत. गोषाचा पडदा वाईट तो याचसाठीं. चाळींतल्या जोडप्याचें लुगडें चांगलें तेंही याचसाठीं. आणि दुसरी कसोटी पहिलीच्या पाठोपाठ येते: शोभेची बाजू कोणाकडे आहे? जो तासभर बसून जाणार त्याच्याकडे, कीं जो तेथेंच जगणार त्याच्याकडे?

बांबूच्या बारीक काड्यांचा चिक ज्यांच्या घरीं आहे त्यांनीं एक गंमत पाहिली असेल. दिवसा आंतल्याला बाहेरचें दिसतें, बाहेरच्याला आंतलें दिसत नाहीं. संध्याकाळीं घरांत दिवे लागले कीं हाच न्याय उलटतो, आणि बाहेरचा मनुष्य अंधारांत उभा राहून सर्व पाहतो. पडदा तोच, प्रकाश कोणत्या बाजूस पडला एवढाच फरक. माणसामाणसांतही असेंच असतें. घरांत ज्याच्या हातीं सत्ता व पैसा, तो दुसऱ्याला पाहतो आणि स्वतः दिसत नाहीं. आजारी माणसाला, लहान मुलाला, घरीं कामाला येणाऱ्या बाईला आपण हवें तेव्हां, हवे तसे पाहतों. ‘आंत येऊं का’ असें त्यांस कधीं विचारीत नाहीं. २०१७ सालीं सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनीं, खासगीपणा हा घटनेनें दिलेल्या मूलभूत हक्कांचा भाग आहे, असा एकमतानें निर्णय दिला. तो निर्णय थोर आहे. परंतु मधल्या खोलींतल्या खाटेवरून सर्वोच्च न्यायालय फार दूर पडतें. तेथला न्याय ज्यानें दांडी ठोकली त्यालाच करावा लागतो.

यावर कोणी असें विचारील कीं, पाहुण्याचा कांहीं मानच नाहीं काय? अवश्य आहे. पाहुणा येणार म्हणून केर काढणें, स्वच्छ अभ्रे घालणें, फुलें ठेवणें यांत दंभ नाहीं. आलेल्या माणसाविषयींची ती आदरबुद्धि आहे. दंभ सुरू होतो तो, शोभा आणण्यासाठीं घरांतलें माणूस हलवावें लागतें तेथें. हल्लीं सजविलेल्या खोलीचें छायाचित्र काढून तें फोनवरून सर्वांस दाखविण्याची रीत आहे, आणि छायाचित्र काढण्यापूर्वीं पहिली सूचना असते ती खोलींतल्या माणसांनीं जरा बाजूला होण्याची! ‘पडदा’ या शब्दाला गेल्या शतकांत दुसराही अर्थ येऊन चिकटला, म्हणजे ज्यावर चित्रें दिसतात तो पडदा. खिडकीवर एक पडदा ओढून शेजाऱ्यास आंतलें दिसूं द्यावयाचें नाहीं, आणि हातांतल्या दुसऱ्या पडद्यावरून तीच खोली अपरिचितांस दाखवावयाची, हा आपल्या काळाचा विनोद आहे.

दुसरा आक्षेप अधिक वजनाचा आहे. दोरी सर्वांच्याच हातीं देतां येते काय? घरांत रांगतें मूल असेल तर लोंबती दोरी त्याच्या गळ्याला अडकण्याचा खराच धोका असतो. ती त्याच्या हाताला लागणार नाहीं इतक्या उंचीवर बांधली पाहिजे. ज्याचें भान हरपलें आहे अशा रोग्यावरही नजर ठेवावीच लागते. हें आम्हांस मान्य आहे. परंतु अशा वेळीं आपण दुसऱ्याची दोरी सांभाळीत आहों, ती आपली नव्हे, ही जाणीव मनांत असली म्हणजे पुरे. आणि तीही फार काळ सांभाळूं नये.

दोरी दिली म्हणजे तिची किंमतही सोसावी लागते, हें येथें सांगितलें पाहिजे. सोयरीक जमली तेव्हां मंडळी पुन्हां आली. आत्या पडदा उघडेल आणि सर्वांशीं बोलेल असें आम्हीं गृहीत धरलें होतें. तिनें तो अर्धा तास बंदच ठेविला, आणि चहाचे पेले आल्यावर एकाएकीं उघडून मुलीला तिच्या आजोळचें गांव विचारलें. त्यानंतर बोलणें तिच्याच खाटेभोंवतीं झालें. उलट कित्येक दिवस असे जातात कीं, पडदा दुपारभर मिटलेला असतो, आंत सामसूम असते, आणि बाहेर आमच्या मनांत नाहीं नाहीं त्या शंका येतात. पूर्वीं अशा वेळीं आम्ही बेधडक आंत जाऊन तिच्या छातीकडे पाहत असूं. परवां तसाच जावयास निघालों, आणि लुगड्याचा तो कांठ पाहून पडद्यापाशीं थांबलों.

“आत्या, आंत येऊं का?”

तीस वर्षांत हा प्रश्न आम्हीं तिला पहिल्यानेंच केला. आंतून कांहीं वेळ उत्तर आलें नाहीं. मग कप्पी कुरकुरली.